प्रस्तावना : कपाटातलं जातं

दिवाळीची सुट्टी लागली की आळीत किल्ल्यांची कामं निघतात. विटा, डबर, गोणपाट, वरून लाल मातीचा गिलावा, उतारावर पेरलेले हळीव, कुंभारवाड्यातून आणलेले मावळे आणि शिखरावर सिंहासनावर बसलेले महाराज. महाराजांची मूर्ती बुरुजाहून उंच असते आणि मावळ्यांच्या रांगेत प्लॅस्टिकचा एखादा बंदूकधारी सैनिकही उभा असतो. त्याचं कुणाला काही वाटत नाही. पाहायला कोणी आलं की आठ-नऊ वर्षांचा किल्लेदार पुढे होतो. हा चोरदरवाजा, हे टाकं, शत्रू इथून येणार, आपण वरून दगड लोटणार, असं सगळं एका दमात सांगतो. पाहुणा वाकून बघतो आणि विचारतो, "पाणी संपलं तर काय करणार?" पोरगं विचारात पडतं. दुसऱ्या दिवशी तिथे आणखी एक टाकं खणलेलं असतं.

काय मोठं दाखवायचं, काय गाळायचं, बघणाऱ्याला कुठे वाकायला लावायचं आणि त्याने प्रश्न विचारलाच तर मांडणीत बदल कसा करायचा, हे सगळं त्या पोराला येतं. तेच पोरगं शाळेच्या सहलीबरोबर संग्रहालयात गेलं की काय होतं, ते आपण सगळ्यांनी पाहिलं आहे. दोन-दोनची रांग, 'हात लावू नये' ही पाटी, पाऊण तासात बारा दालनं आणि मग बाहेर बागेत डबा. सहलीचा निबंध लिहायची वेळ आली की बसमध्ये खिडकी कुणाला मिळाली एवढंच आठवतं.

संग्रहालयांच्या पाट्या लिहिण्यात माझी बरीच वर्षं गेली आणि या रांगा मीही पुढे सरकवल्या आहेत. एका जिल्ह्याच्या गावी, नाव सांगत नाही, आमच्याकडे एक जातं होतं. आतली बाजू दिसावी म्हणून मी त्याच्या दोन्ही तळ्या सुट्या करून शेजारशेजारच्या चौथऱ्यांवर ठेवल्या होत्या. पाटीही माझीच : 'जाते. बेसाल्ट. अंदाजे १९वे शतक. धान्य दळण्याचे साधन.' बाजाराच्या दिवशी दुपारी एक म्हातारी नातवाला घेऊन आली. सगळी तलवार-भाल्यांची कपाटं ओलांडून जात्यापाशी थांबली. "जोडा कुणी फोडला ह्याचा?" पहारेकऱ्याकडे ढुंकूनही न बघता तिने खालच्या तळीवरून बोट फिरवलं. "टाकी लावून लई दिस झालं हुतं ह्याला. दळणारीचं हात भरून येत असतील." टाकी म्हणजे काय, असं नातवाने विचारलं, आणि पुढची दहा मिनिटं दालनात दुसरं कुणी बोललं नाही. दगड झिजून गुळगुळीत झाला की पाथरवटाकडून तो पुन्हा खडबडीत करून घ्यायचा, घास किती टाकायचा, खुंटा सैल झाला तर पाचर कशी मारायची, पहाटे दोघी समोरासमोर बसल्या की हात कसा पुरतो.

माझ्या पाटीत चूक काहीच नव्हती. दगड बेसाल्टच होता, शतकही बहुधा बरोबर होतं. फक्त दळणारी बाई त्यात कुठेच नव्हती. ती बाई त्या म्हातारीने दगडावर बोट फिरवून शोधून काढली. वस्तू न हलवता, न रंगवता, तिच्या मागचं माणूस असं पुढे आणायचं कसं, हा या पुस्तकाचा विषय आहे.

या कामाला मराठीत अजून ठरलेलं नाव नाही. कागदोपत्री 'प्रदर्शन-आरेखन' म्हणतात, शहरात 'एक्झिबिट डिझाइन' म्हणतात. रोज हे काम करणारे नुसतं 'मांडणी' म्हणतात, आणि मलाही तोच शब्द पुरेसा वाटतो. बाहेरून वाटतं, वस्तू कपाटात ठेवल्या, दिवे लावले, संपलं. पण जुनी पैठणी साधारण पन्नास लक्सपेक्षा जास्त उजेडात ठेवली तर तिचा रंग उडत जातो, आणि एवढ्या मंद उजेडात पाटी वाचता आली पाहिजे म्हणून अक्षर मोठं करावं लागतं, अक्षर मोठं केलं की मजकूर कापावा लागतो. सातवाहनांची शिशाची नाणी नव्या कोऱ्या प्लायवुडच्या कपाटात ठेवली तर लाकडातून निघणाऱ्या आम्लाच्या वाफेने त्यांच्यावर पांढरी भुकटी धरते. म्हणजे सुताराने कुठलं लाकूड वापरलं यावर दोन हजार वर्षांपूर्वीच्या नाण्याचं पुढचं आयुष्य ठरतं. इतिहासकार, सुतार, वायरमन, रसायन जाणणारा आणि दोन वाक्यं धड लिहू शकणारा, एवढी माणसं एका टेबलाशी बसली नाहीत तर मांडणी होत नाही. आपल्याकडे बहुधा ती वेगवेगळ्या वर्षी येतात.

मांडणीचा इतिहास म्हणजे एका भांडणाचा इतिहास आहे असं मला वाटतं. वस्तू सारखेपणाने लावायच्या की सोबतीने? ऑक्सफर्डला १८८४ साली स्थापन झालेल्या पिट रिव्हर्स संग्रहालयात जगभरच्या वस्तू प्रकारवार लावल्या : सगळी धनुष्यं एकीकडे, सगळी वाद्यं एकीकडे. १८८७ मध्ये फ्रान्झ बोआस या मानववंशशास्त्रज्ञाने अमेरिकेत या पद्धतीवर हल्ला चढवला. वाद्याचा अर्थ दुसऱ्या वाद्याशेजारी ठेवून कळत नाही, ते वाजवणाऱ्या लोकांच्या इतर वस्तूंत ठेवून कळतो, असं त्याचं म्हणणं. हे भांडण अजून मिटलेलं नाही. ते पाहायला ऑक्सफर्डला जायचीही गरज नाही, पुण्यात शुक्रवार पेठेत राजा दिनकर केळकर संग्रहालयात जावं. दिनकर गंगाधर केळकर, म्हणजे कवी 'अज्ञातवासी', यांनी सारं आयुष्य वेचून वीस हजारांवर वस्तू गोळा केल्या, अकाली गेलेल्या मुलाचं नाव संग्रहाला दिलं आणि पुढे तो राज्य सरकारच्या स्वाधीन केला. तिथे अडकित्त्यांची रांग आहे, दिव्यांची आहे, वज्र्यांची आहे. ही झाली पिट रिव्हर्सची तऱ्हा. आणि त्याच इमारतीत कोथरूडहून उचलून आणून पुन्हा उभा केलेला मस्तानी महालही आहे, म्हणजे बोआसच्या बाजूचं उत्तर. केळकरांनी या वादात भाग घेतला नाही, त्यांनी दोन्ही केलं. अडकित्त्यांच्या रांगेपुढे उभं राहिलं की कारागिराची हौस कळते, पान लावणारी बैठक कळत नाही. महालात बैठक कळते, पण एकेका वस्तूकडे लक्ष राहत नाही. दोन्ही हवं, हे माझं मत तिथेच बनलं.

आपल्याकडच्या संग्रहालयांचा पाया इंग्रजी अमदानीतला, त्यामुळे कपाटही त्यांचंच आलं. भायखळ्याचं आजचं डॉ. भाऊ दाजी लाड संग्रहालय १८७२ मध्ये लोकांसाठी उघडलं. मुंबईच्या जातिजमातींचे, धंद्यांचे, पगड्यांचे मातीचे नमुने ही त्याची ओळख. राज्यकर्त्यांनी प्रजेची यादी करावी तसे ते घडवले गेले, हे खरंच. पण २००८ मध्ये डागडुजीनंतर ते पुन्हा उघडलं तेव्हापासून मी अनेकांना त्या काचेला नाक लावून आपल्या पणजोबांची पगडी शोधताना पाहिलं आहे. यादीत नाव शोधणारा माणूस यादी करणाऱ्याच्या हेतूची पर्वा करत नाही. संस्थानिकांनी वेगळी वाट धरली. सयाजीराव गायकवाडांनी १८९४ मध्ये बडोद्याला संग्रहालय काढलं, आणि पुढे त्यांच्याच नावाच्या विद्यापीठात १९५२ पासून संग्रहालयशास्त्र शिकवलं जाऊ लागलं. औंधच्या बाळासाहेब पंतप्रतिनिधींनी १९३८ मध्ये टेकडीवर श्रीभवानी संग्रहालय बांधलं. स्वतः चित्रकार असलेला राजा संग्रहालय बांधतो तेव्हा चित्रांवर उजेड कुठून पडावा याचा विचार आधी होतो, हे तिथे गेल्यावर दिसतं.

कपाट मोडून बाहेर पडण्याचा पहिला मोठा प्रयत्न स्टॉकहोमचा. आर्तुर हाझेलियसने १८९१ मध्ये स्कान्सेन उघडलं. खेड्यांतली घरं उचलून आणून माळावर पुन्हा उभी केली, त्यांत त्या-त्या भागातल्या वेशातली माणसं वावरती ठेवली. खुल्या संग्रहालयांचा हा मूळपुरुष. अमेरिकेत १९२६ पासून रॉकफेलरच्या पैशातून विल्यम्सबर्ग हे अख्खं गाव अठराव्या शतकात परत नेलं गेलं. लोहार भाता चालवतो, बायका सूत कातत बसतात. फक्त एक गोष्ट राहून गेली. त्या गावातली निम्मी वस्ती गुलामांची होती, आणि कित्येक दशकं ती तिथल्या चकचकीत गल्ल्यांत दिसतच नव्हती. हे आपण नीट लक्षात ठेवायला हवं, कारण आपल्याकडेही गावगाडा दाखवायची हौस वाढते आहे. कोल्हापूरजवळ कणेरी मठाचं गावजीवनाचं संग्रहालय आहे, गोव्यात बाणावलीला 'गोवा चित्र' आहे. भोपाळच्या मानव संग्रहालयात तर त्या-त्या जमातीच्या लोकांनी येऊन स्वतःच्या हातांनी घरं बांधली आहेत, आणि ही पद्धत मला सर्वांत प्रामाणिक वाटते. पण नव्याने जी गावं आता सिमेंटमध्ये उभी राहताहेत त्यांत सगळे बलुतेदार हसतमुख असतात. गावकुसाबाहेरची वस्ती नसते. विहीर असते, पण तिच्यावर कुणाला पाणी मिळत नव्हतं ते नसतं. ज्यांच्या आज्याने ते भोगलं त्या मुलांचीही सहल तिथे येते.

यंत्रांच्या संग्रहालयांनी निराळी दिशा दिली. १९०३ मध्ये म्युनिकला स्थापन झालेल्या डॉइचेस म्युझियममध्ये बटण दाबलं की यंत्र चालू लागायचं. सॅन फ्रान्सिस्कोच्या एक्सप्लोरेटोरियमने १९६९ पासून प्रेक्षकाच्याच हातात प्रयोग दिला. वरळीचं नेहरू विज्ञान केंद्र १९८५चं, त्याच कुळातलं. विज्ञानात हे सोपं असतं, कारण लंबक आजही तसाच हलतो. इतिहासात प्रयोग पुन्हा करता येत नाही. म्हणून फ्रीमन टिल्डनचं १९५७चं 'इंटरप्रिटिंग अवर हेरिटेज' हे छोटं पुस्तक महत्त्वाचं. अमेरिकेतल्या राष्ट्रीय उद्यानांतल्या वाटाड्यांसाठी लिहिलेलं. पाहणाऱ्याच्या स्वतःच्या आयुष्याला जे भिडत नाही ते सांगणं फुकट, आणि माहितीचा ढीग म्हणजे उलगडा नसतो, हा त्याचा आग्रह. आज त्यातलं काही भाबडं वाटतं, पण पाटी लिहिणाऱ्याने ते एकदा वाचावंच.

पुढच्याच वर्षी, १९५८ मध्ये, चार्ल्स आणि रे ईम्स या अमेरिकन जोडप्याने भारत सरकारला एक अहवाल दिला. त्यातून अहमदाबादच्या राष्ट्रीय डिझाइन संस्थेला दिशा मिळाली. अहवालात ते आपल्या तांब्याशी येऊन थांबतात आणि त्याला प्रश्न विचारत सुटतात : किती पाणी मावावं, भरल्यावर तोल कुठे जावा, कमरेवर, डोक्यावर, हातात कसा बसावा, काठाची गोलाई ओतायला कशी असावी, धातू हाताला कसा लागावा. एकच वस्तू आणि पानभर प्रश्न. आमच्या पाटीवर 'लोटा. पितळ.' असतं. या जोडप्याने पुढे त्याच संस्थेबरोबर नेहरूंच्या जीवनावरचं प्रदर्शन केलं, ते १९६५ मध्ये न्यूयॉर्कला उघडलं. भारतातल्या आजच्या मांडणीकारांची एक मोठी शाखा तिथून फुटते.

गेल्या चाळीस वर्षांत मांडणी दोन टोकांना गेली. एक टोक अनुभवाचं. यॉर्कच्या योर्विक केंद्रात १९८४ पासून माणसं छोट्या गाडीत बसून व्हायकिंग वस्तीतून फिरतात. तिथे उकिरड्याचा वाससुद्धा बनवलेला आहे. दुसरं टोक स्मृतीचं. वॉशिंग्टनच्या होलोकॉस्ट संग्रहालयात १९९३ पासून आत शिरताना प्रत्येकाला एका खऱ्या माणसाचं ओळखपत्र हातात मिळतं, आणि पुढे मारल्या गेलेल्यांच्या बुटांचा ढीग समोर येतो. जोहान्सबर्गच्या वर्णभेद संग्रहालयाच्या तिकिटावरच तुमचा वर्ण ठरवलेला असतो, त्याप्रमाणे तुम्ही वेगळ्या दारातून आत जाता. अमृतसरच्या टाउन हॉलमध्ये २०१७ पासून फाळणीचं संग्रहालय आहे, तिथे घर सोडताना उचललेल्या साध्या वस्तू आहेत. या दुसऱ्या टोकाकडे माझा ओढा आहे हे लपवत नाही. वास बनवून आणता येतो. बूट खरेच लागतात.

आपल्याकडे देखाव्याची सवय मात्र जुनी. पिंगुळीचे चित्रकथी चित्र पुढे धरून कथा सांगत, पुण्यात गणपतीत जिवंत देखावे होतात, 'जाणता राजा' या महानाट्यात घोडे रंगमंचावर आले. या परंपरेतून मांडणीकाराला पुष्कळ घेण्यासारखं आहे, पण एक सावधगिरी बाळगून. देखाव्यात शेवटी टाळ्या पडतात आणि पडदा पडतो, प्रेक्षकाला मध्येच उठून "हे कशावरून?" असं विचारता येत नाही. संग्रहालयात ते विचारता आलं पाहिजे. तिथे ठेवलेली वस्तू हा पुरावा असतो.

२०२४च्या जुलैत साताऱ्याच्या संग्रहालयात लंडनहून वाघनखं आली आणि लोकांची रीघ लागली. त्या वस्तूबरोबरच्या पेटीवरचा मजकूर ती शिवाजी महाराजांची असल्याचं सांगतो. लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयाची स्वतःची नोंद मात्र हे पडताळता आलेलं नाही असं म्हणते. भांडायला विषय चांगला होता आणि भांडणं झालीही. मला विचाराल तर हे दोन्ही मजकूर वस्तूच्या शेजारी, सारख्याच अक्षरात लावावेत. पेटीवर ते कुणी लिहवून घेतलं, पडताळायचं म्हणजे काय करायचं, ज्याला ती मिळाली असं ती पेटी सांगते तो कंपनीचा अधिकारी ग्रँट डफ साताऱ्यात काय करत होता, हे तिथेच सांगावं. रांगेत तास-दोन तास उभं राहून आलेला माणूस एवढं वाचायला नक्की थांबेल. त्याला ते झेपणार नाही असं आपणच परस्पर ठरवतो.

अशा किती कथा पाटीवाचून पडून आहेत. धाराशिव जिल्ह्यातल्या तेरला रामलिंगप्पा लामतुरे यांच्या संग्रहातून उभं राहिलेलं सरकारी संग्रहालय आहे. तिथे हस्तिदंतातली एक छोटी बाई आहे. इसवी सन ७९ मध्ये ज्वालामुखीच्या राखेखाली गाडल्या गेलेल्या पॉम्पेईत १९३८ साली अगदी तिच्या बहिणीसारखी दिसणारी हस्तिदंती बाई सापडली. या दोघींना जोडायला फार काही लागत नाही : एक नकाशा, दुसरीचा फोटो आणि चार ओळी. शस्त्रदालनातली 'फिरंग' घ्या. पातं बहुधा युरोपातून आलेलं, मूठ इथली. पात्यावर कधी परकी अक्षरंही दिसतात. पाटीवर 'पातं त्यांचं, मूठ आपली' एवढं लिहून पात्यावरच्या त्या अक्षरांवर एक दिवा सोडला तर दहा वर्षांचं मूलही वाकून बघेल.

हे सगळं आत्ताच लिहायची निकड आहे. २०२५च्या जुलैत मराठ्यांचे बारा किल्ले जागतिक वारसा यादीत गेले, अकरा महाराष्ट्रातले आणि तमिळनाडूतला जिंजी. आता पायथ्यापायथ्याशी माहिती केंद्रं उभी राहतील, निविदा निघतील. निविदांची भाषा मला पाठ झाली आहे : प्रोजेक्टर किती, पडदे किती, फायबरचे पुतळे किती, किती चौरस फूट. काय सांगायचं याचा रकाना नसतो. मजकूर शेवटच्या आठवड्यात मागवला जातो, तोही इंग्रजीतून; मग त्याचं मराठी होतं आणि 'सदर शिल्प हे उत्तर मध्ययुगीन कालखंडातील असून' अशी सुरुवात झालेली पाटी जन्माला येते. प्रोजेक्टर पाच वर्षांत बंद पडतो. पाटी तीस वर्षं राहते. दुसरीकडे प्रत्येकाच्या फोनवर रोज सकाळी इतिहास येतो, ठाम आणि पुराव्यावाचून. खरी वस्तू समोर ठेवून "तुम्हीच बघा" म्हणणारी सार्वजनिक जागा यापूर्वी इतकी उपयोगाची कधी नव्हती.

हे पुस्तक मोठ्या शहरांतल्या मोठ्या संस्थांसाठी नाही, त्यांच्याकडे माणसं आहेत. शाळेच्या एका खोलीत गावचा इतिहास मांडू पाहणारी शिक्षिका, वाड्याच्या माडीवर पूर्वजांची दप्तरं घेऊन बसलेला माणूस, ग्रंथालयाच्या व्हरांड्यात दोन कपाटं मिळालेलं मंडळ, तालुक्याच्या संग्रहालयात एकट्याने सगळं सांभाळणारा कर्मचारी, यांना समोर ठेवून ते लिहिलं गेलं आहे. म्हणून त्यात उजेड, उंची, लाकूड, अक्षर यांची मापं आहेत तशी फसलेल्या मांडण्यांची चित्रंही आहेत, माझी धरून. पडदे आणि आभासी चष्म्यांविषयी त्यात कमी आहे. तो लेखकांचा निर्णय आणि मला तो पटतो. मतभेद एकाच ठिकाणी : प्रत्येक पाटी पन्नास शब्दांत बसवावी असं ते म्हणतात. वाघनखांच्या पाटीला मी दीडशे देईन.

आमचं जातं आता जोडलेलं आहे, खुंट्यासकट. त्याला पाथरवटाकडून टाकी लावून घेतलेली नाही, झिजलेला दगड तसाच ठेवला आहे, आणि हात फिरवायला परवानगी आहे. पाटीवर म्हातारीचं वाक्य तिच्याच बोलीत आहे. तिचं नाव विचारायचं राहून गेलं, ही चूक तुम्ही करू नका. पुस्तक हातावेगळं झालं की जवळच्या कुठल्याही संग्रहालयात एक चक्कर मारा. निघताना दाराशी अभिप्रायवही असेल, तिच्यात 'छान' किंवा 'सुंदर' लिहू नका. कुठल्या वस्तूपाशी थांबलात आणि तिथे काय वाचायला हवं होतं, तेवढं लिहा.